स्फटिक, स्पंद आणि कल्पित यंत्राची सचोटी

कल्पित वाङ्मयाने निर्माण केलेल्या यंत्रांमध्ये स्फटिकाचे स्थान काहीसे वेगळे आहे. कालयंत्र, अदृश्य होण्याचे रसायन किंवा ग्रहांतरास जाणारे यान वाचकाने पुस्तकाबरोबरच मिटून ठेवले. स्फटिक मात्र पुस्तकातून बाहेर पडला आणि बाजारात जाऊन बसला. विश्वातील सूक्ष्म स्पंद साठविणारा, ते एका देहातून दुसऱ्या देहात पोहोचविणारा, तारांवाचून आणि इंधनावाचून सामर्थ्य वाहून नेणारा स्फटिक कथाकारांनी कल्पिला, तेव्हा त्यात गैर काहीच नव्हते. आज तीच कल्पना लोलकांच्या, माळांच्या आणि 'भारित' पाण्याच्या रूपाने विकली जाते. आणि ती विकताना जी भाषा वापरली जाते ती निम्मी पदार्थविज्ञानाची व निम्मी उपासनेची असते. या प्रकाराची दखल वैज्ञानिकांनी घ्यावी, साहित्याच्या अभ्यासकाचा त्याच्याशी संबंध नाही, असे सामान्यतः मानले जाते. वस्तुतः येथे जी फसवणूक होते ती प्रथम शब्दांत होते. म्हणून तिचा पहिला जाब साहित्याच्या अभ्यासकानेच विचारावयास हवा.

स्फटिक आणि कंप यांचा संबंध मुळात खोटा नाही, हे आरंभीच मान्य केले पाहिजे. १८८० साली झाक आणि प्येर क्यूरी या बंधूंनी पॅरिस येथे दाखवून दिले की क्वार्ट्झ, टूर्मलीन यांसारख्या काही स्फटिकांवर दाब दिला असता त्यांच्या पृष्ठांवर विद्युत्भार प्रकट होतो. पुढच्याच वर्षी गाब्रिएल लिपमान यांनी गणिताच्या आधारे याची उलट बाजूही असली पाहिजे असे सांगितले, आणि क्यूरी बंधूंनी ती प्रयोगाने सिद्ध केली : स्फटिकास वीज दिली की तो आकुंचन-प्रसरण पावतो. मराठीत या गुणास दाबविद्युत् असे सार्थ नाव आहे. पहिल्या महायुद्धाच्या काळात पॉल लांझव्हँ यांनी क्वार्ट्झच्या चकत्यांपासून श्रवणातीत ध्वनी निर्माण करून पाण्याखालील पाणबुडीचा माग काढण्याची रीत शोधली. आज मनगटी घड्याळातील क्वार्ट्झचा इवलासा तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. आणि स्वयंपाकघरातील गॅसचा लायटर खटकन दाबला की त्यातील स्फटिकद्रव्यावर आघात होऊन ठिणगी पडते.

या साऱ्या उदाहरणांत एक गोष्ट समान आहे. घड्याळातील स्फटिकास हलते ठेवणारी वीज शेजारच्या घटातून येते. लायटरच्या ठिणगीतील सामर्थ्य अंगठ्याचे असते. स्फटिक एका रूपातील ऊर्जा दुसऱ्या रूपात आणतो, आणि ते करताना थोडीफार वाटेत सांडतोही. तो स्वतःच्या पदरचे काही देत नाही. त्याचे सारे महत्त्व या निरपेक्ष, काटेकोर मध्यस्थीत आहे.

भारतीय परंपरेने स्फटिकाचा जो स्वभाव सांगितला तोही नेमका हाच आहे. सांख्य आणि वेदान्त या दोन्ही दर्शनांत स्फटिकाशेजारी ठेवलेल्या जास्वंदीचा दृष्टान्त वारंवार येतो. फुलाच्या सान्निध्याने स्फटिक तांबडा दिसतो. फूल दूर केले की तो होता तसाच असतो. रंग त्याचा नव्हे, उपाधीचा. योगसूत्रांत वृत्ती क्षीण झालेल्या चित्ताला निर्मळ मण्याची उपमा दिली आहे, तीही याच कारणाने : समोर जे असेल त्याचा आकार तो मणी घेतो. कविसंकेतांतील सूर्यकांत आणि चंद्रकांत हे मणी पाहावेत. एक सूर्यकिरणांनी पेटतो, दुसरा चांदण्याने पाझरतो. कालिदासाने 'शाकुंतला'च्या दुसऱ्या अंकात तपस्व्यांना सूर्यकांताची उपमा दिली. एरवी स्पर्शास शीतल, परंतु परक्या तेजाने डिवचला असता आग ओकणारा. ज्ञानेश्वरांनीही चंद्र आणि त्याच्या दर्शनाने पाझरणारा मणी यांचे नाते दृष्टान्तासाठी वापरले. हे मणी खाणीत सापडत नाहीत, हे सांगणाऱ्यांना आणि ऐकणाऱ्यांना ठाऊक असावे. तरीही त्या कल्पनेत एक शिस्त आहे. सूर्य नाही तर अग्नी नाही, चंद्र नाही तर पाझर नाही.

न मागता देणारे मणी आपल्या वाङ्मयात नाहीत असे नव्हे. चिंतामणी आहे, परीस आहे. परंतु त्यांची जात निराळी आहे. ते मानवी इच्छेचे उघड प्रतीक आहेत, आणि संतवाङ्मयात त्यांचा उल्लेख बहुधा त्यांना मागे सारणाऱ्या एखाद्या श्रेष्ठ वस्तूची थोरवी सांगण्यासाठी येतो. परिसाचे सोने होण्याचे रहस्य कोणत्या 'सूक्ष्म लहरीं'त आहे, हे सांगण्याच्या भरीस कोणी संतकवी पडला नाही. चमत्कार हा चमत्कार म्हणूनच सांगितला गेला. त्याला शास्त्राची झूल घातली गेली नाही.

पाश्चात्त्य कल्पित वाङ्मयाकडे वळल्यास तेथेही उत्तम लेखकांनी ही शिस्त पाळल्याचे दिसते. एडवर्ड बुल्वर-लिटन यांची 'द कमिंग रेस' ही कादंबरी १८७१ साली निनावी प्रसिद्ध झाली. तिच्यातील भूगर्भवासी समाजापाशी 'व्रिल' नावाची एक सर्वसंचारी शक्ती आहे. हातातील पोकळ दंडाच्या साहाय्याने ती सोडली जाते. तिने रोग बरे होतात, प्रकाश मिळतो आणि एखादे मूलही अख्खे नगर भस्मसात करू शकते. कथाकाराने या शक्तीची भौतिक उपपत्ती दिलेली नाही, आणि ती न दिल्याने काही बिघडतही नाही. कारण त्याने तिची किंमत मात्र चुकती केली आहे. सर्वांच्या हाती सारखाच संहार आल्यामुळे त्या समाजातून युद्ध नाहीसे झाले. युद्धाबरोबर स्पर्धा, महत्त्वाकांक्षा आणि असंतोषही गेला. आणि त्यांच्याबरोबर थोर काव्यही गेले. शांत, समृद्ध आणि निष्काव्य असा हा समाज वाचकाला मोह घालतो आणि धास्तीही घालतो. कल्पित शक्तीचा जमाखर्च मांडला की कादंबरीला विचाराचे वजन येते ते असे.

एच्. जी. वेल्स यांच्या १८९७ सालच्या 'द क्रिस्टल एग' या कथेतील स्फटिक तर सामर्थ्य वाहून नेतच नाही. तो केवळ दृष्टी वाहून नेतो. लंडनमधील जुन्यापुराण्या वस्तूंच्या एका दुकानदाराला अंड्याच्या आकाराच्या स्फटिकात अंधारात मंगळावरील दृश्ये दिसू लागतात. घरात त्याला कोणी विचारीत नाही; बायकोला आणि सावत्र मुलांना त्या वस्तूचे पैसे हवे आहेत. तो स्फटिक लपवितो, त्यात रमतो, झिजत जातो, आणि एके सकाळी तो हाती घट्ट धरलेल्या स्थितीत मृत आढळतो. वस्तू विकली जाते आणि गिऱ्हाइकाचा पुढे पत्ता लागत नाही. कथा संपताना वाचकाच्या हाती पुरावा उरत नाही, आणि तो उरू नये हीच लेखकाची योजना आहे. येथे स्फटिकाने जे दिले त्याच्या मोबदल्यात एका एकाकी माणसाचे उरलेसुरले आयुष्य घेतले. १९६६ साली सुरू झालेल्या 'स्टार ट्रेक' या लोकप्रिय अमेरिकी दूरचित्रमालिकेतही, जिला कोणी अभिजात म्हणणार नाही, यानाचे स्फटिक जळून निकामी होतात आणि ते खणणाऱ्या माणसांशी सौदा करावा लागतो. रंजनप्रधान कृतीलाही एवढे कळते की सामर्थ्य कोठून तरी आणावे लागते आणि कोणाला तरी ते खणावे लागते.

यावरून कल्पित यंत्राच्या सचोटीची कसोटी सांगता येईल. ते यंत्र निसर्गनियमांत बसते की नाही, ही ती कसोटी नव्हे. जे दिले त्याचा मोबदला कथेच्या आत घेतला जातो की नाही, आणि शेवटच्या पानानंतर वाचकाची श्रद्धा त्याला परत केली जाते की नाही, हे दोन प्रश्न महत्त्वाचे आहेत. कथा वाचकाकडून विश्वास उसना घेते. परतफेड न करणारी कथा अन्य काही असेल, कथा नव्हे.

अशी परतफेड न केल्याचे ठळक उदाहरण म्हणजे फिलाडेल्फिया येथील जॉन वॉरेल कीली. बुल्वर-लिटन यांची कादंबरी प्रसिद्ध झाल्यानंतर थोड्याच काळात, १८७२ च्या सुमारास, पाणी आणि हवा यांतून 'ईथर'मधील सामर्थ्य मुक्त करणारे इंजिन आपण शोधल्याचे त्याने सांगितले. त्याच्या नावाची कंपनी उभी राहिली, भाग विकले गेले. स्वरकाटे आणि वाद्ये यांच्या सुरांनी यंत्र जागे होते, 'सहानुभूतीच्या कंपनां'नी ते चालते, अशी त्याची परिभाषा होती आणि ती वर्षानुवर्षे बदलत व फुगत गेली. यंत्राचे रहस्य उघड करण्यास नकार दिल्यामुळे १८८८ साली न्यायालयाच्या अवमानाबद्दल त्याला काही काळ तुरुंगातही जावे लागले. १८९८ साली तो मरण पावला, तोवर विकता येईल असे एकही इंजिन तयार झाले नव्हते. त्यानंतर त्याच्या प्रयोगशाळेची तपासणी झाली तेव्हा तळघरात पोलादाचा प्रचंड गोल आणि गुप्तपणे फिरविलेल्या नळ्या सापडल्या. दाबून भरलेल्या हवेनेच प्रयोग वठविले जात असावेत, असा निष्कर्ष तपासणाऱ्यांनी काढला. कीलीचे इंजिन चालले नाही. त्याची परिभाषा मात्र आजही चालते आहे.

ही परिभाषा भारतात कशी पोहोचली, हा तौलनिक अभ्यासाचा विषय आहे. १८७५ साली न्यूयॉर्कमध्ये स्थापन झालेल्या थिऑसॉफिकल सोसायटीच्या संस्थापकांपैकी मादाम ब्लाव्हाट्स्की आणि कर्नल ऑल्कॉट हे १८७९ च्या फेब्रुवारीत मुंबईत उतरले. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरपासून मुंबईहून त्यांचे मासिक निघू लागले. १८८२ साली संस्थेचे केंद्र मद्रासजवळ अड्यार येथे गेले. १८८८ सालच्या 'द सीक्रेट डॉक्ट्रिन' या ग्रंथात ब्लाव्हाट्स्कीबाईंनी कीलीच्या शक्तीला एक स्वतंत्र प्रकरण दिले, आणि बुल्वर-लिटन यांच्या कादंबरीतील व्रिल ही मुळात खरीच शक्ती असल्याचे प्रतिपादन केले. म्हणजे कादंबरीतील एक कल्पना, एका कारखानदाराचा दावा आणि प्राचीन भारतीय ज्ञान या तीन गोष्टी एकाच पंगतीत बसविल्या गेल्या. सोसायटीने एतद्देशीय विद्यांविषयी आदर निर्माण केला, हे तिचे श्रेय नाकारण्याचे कारण नाही. परंतु आपल्या दर्शनांना पाश्चात्त्य कल्पित यंत्रांची साक्ष लागते, ही सवयही त्या काळात रुजली, हेही नमूद केले पाहिजे. पुढे अमेरिकेत एडगर केसी यांनी (१८७७–१९४५) तंद्रावस्थेत केलेल्या कथनांत बुडालेल्या अटलांटिसमधील सामर्थ्यदायी महास्फटिकाचे वर्णन केले. आजच्या बाजारातील स्फटिकाचे कूळ शोधू गेल्यास ते आपल्या कोणत्याही दर्शनग्रंथापेक्षा या परंपरेशी अधिक जवळून जुळते.

या पार्श्वभूमीवर जगदीशचंद्र बसू यांचे उदाहरण मननीय आहे. स्फटिकाच्या साहाय्याने अदृश्य लहरी टिपण्याचे खरेखुरे काम ज्या भारतीयाने केले ते हेच. गॅलेना या शिशाच्या स्फटिकरूप खनिजाचा विद्युत्चुंबकीय लहरींचा ग्राहक म्हणून उपयोग करण्याबद्दल त्यांना १९०४ साली अमेरिकी पेटंट मिळाले. याच बसूंनी १८९६ साली एका केशतेलाच्या निर्मात्याने ठेवलेल्या कथास्पर्धेसाठी बंगालीत 'निरुद्देशेर काहिनी' ही कथा लिहिली आणि तिला पारितोषिक मिळाले. कलकत्त्यावर येऊ घातलेले वादळ एकाएकी नाहीसे होते. शास्त्रज्ञ बुचकळ्यात पडतात. खरे कारण असे की समुद्रप्रवास करणाऱ्या एका गृहस्थाने केशतेलाची बाटली लाटांवर रिकामी केलेली असते. तेलाच्या पातळ थराने पाण्यावरील लहान तरंग शमतात, हे सत्य घेऊन लेखकाने ते इतके ताणले की वाचकाने हसून त्यातील अतिशयोक्ती ओळखावी. पुढे १९२१ सालच्या 'अव्यक्त' या संग्रहात ती कथा 'पलातक तुफान' या नावाने वाढवून आली.

या प्रसंगातील बोध दुर्लक्षिण्याजोगा नाही. तेल विकणाऱ्याच्या स्पर्धेत तेलाचा एवढा मोठा चमत्कार सांगूनही बसूंनी तेलाची भलावण केली नाही. चमत्कार एवढा मोठा केला की जाहिरातच कोसळून पडावी. आणि गॅलेनाच्या स्फटिकाबद्दल मात्र त्यांनी मोजमाप केले, आकृत्या काढल्या, दावा नेमक्या शब्दांत बांधला. एकाच माणसाने दोन वह्या ठेवल्या आणि एकीतील रक्कम दुसरीत लिहिली नाही. त्यांच्या वनस्पतिविषयक निष्कर्षांच्या तात्त्विक अर्थाबद्दल पुढे बराच वाद झाला, परंतु तेथेही त्यांनी उपकरण आणि आलेख वाचकापुढे ठेवले. कीलीने दोन्ही वह्या एक केल्या आणि ती एक वही कोणाला दाखविली नाही.

प्रश्न केवळ इतिहासाचा असता तर एवढा विस्तार आवश्यक नव्हता. तो भारतीय भाषांच्या आजच्या प्रकृतीचा आहे. मराठीतील शालेय विज्ञानाने 'बल', 'ऊर्जा' आणि 'शक्ती' या तीन शब्दांना तीन निरनिराळे अर्थ नेमून दिले आहेत. ऊर्जा म्हणजे कार्य करण्याची क्षमता, शक्ती म्हणजे कार्य करण्याचा दर. हिंदीतही ऊर्जा आणि शक्ती यांची साधारण अशीच वाटणी आहे. बंगाली, तेलुगू आणि कन्नड या भाषांत मात्र मराठीतील 'ऊर्जा' या जागी 'शक्ती' हाच शब्द रूढ आहे, आणि त्या शब्दाबरोबर देवीचे आणि उपासनेचे सारे अर्थवलय येते. तमिळने 'आट्रल' हा आपल्या मुळातला शब्द योजला. एकाच संकल्पनेला भारतीय भाषांनी अशी निरनिराळी घरे दिली आहेत. बंगाली विज्ञानकथेतील 'शक्ती' मराठीत आणताना ती ऊर्जा करावी की शक्ती ठेवावी, हा निर्णय अनुवादकाला ओळीओळीला घ्यावा लागतो. आणि तो चुकला तर यंत्राचा मंत्र होतो किंवा मंत्राचे यंत्र.

'स्पंद' या शब्दाची स्थिती तर अधिक नाजूक आहे. काश्मीर शैव दर्शनातील स्पंद म्हणजे चैतन्याचे स्वतःतले स्फुरण; तो एका जागेहून दुसऱ्या जागी नेता येत नाही, कारण त्याला जागाच नाही. पदार्थविज्ञानातील कंपनाला वारंवारता असते, आयाम असतो, माध्यम असते. हे दोन अर्थ कवीने एकत्र आणले तर ते रूपक होते आणि रूपकाचा तो हक्कच आहे. विक्रेत्याने ते एकत्र आणले, की वारंवारतेचा आकडा दर्शनाच्या नावावर खपतो आणि दर्शनाचे गांभीर्य दगडाच्या किमतीत मिसळते. यात विज्ञानाचे नुकसान तुलनेने कमी. ते आपल्या उपकरणांच्या बळावर उभे राहील. नुकसान होते ते शब्दाचे. 'स्पंद' हा शब्द जाहिरातीत झिजला की अभिनवगुप्त शिकविणाऱ्या प्राध्यापकाला आणि ध्वनिशास्त्र शिकविणाऱ्या शिक्षकाला, दोघांनाही तो पुन्हा घासूनपुसून घ्यावा लागतो.

यावर असा आक्षेप संभवतो की ही कसोटी कल्पनाशक्तीवर पहारा बसविणारी आहे. तो टिकणारा नाही. कथाकाराने स्फटिकातून स्पंद पाठवावेत, त्यांवर नगरे उजळावीत, ग्रह हलवावेत. त्याला पदार्थविज्ञानाच्या परवान्याची गरज नाही. किंबहुना विज्ञानकथेत विज्ञान किती टक्के, हे मोजत बसणारी समीक्षा वाङ्मयाचा विचारच करीत नाही. कथाकाराला विचारावयाचे ते एवढेच की त्या उजळलेल्या नगरात अंधार कोणाच्या वाट्याला आला. दुसरा आक्षेप असा की श्रद्धेने एखाद्याला धीर मिळत असेल तर त्यात विद्यापीठाने का पडावे? धीर देणाऱ्या दगडाबद्दल कोणाचीच तक्रार नाही. घराघरांतील देव्हाऱ्यात स्फटिकाचे शिवलिंग किंवा माळ असते आणि ती आपण ऊर्जायंत्र असल्याचा दावा करीत नाही. परंतु औषध थांबवून दगड धरावा असे सांगितले जाते आणि तसे सांगताना वारंवारतेचे आकडे दिले जातात, तेव्हा ती श्रद्धा राहत नाही. तो एक दावा होतो आणि दाव्याला तपासणी सोसावी लागते.

मराठीला या बाबतीत एक चांगला वारसा लाभला आहे. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत 'कृष्णविवर' ही कथा नारायण विनायक जगताप या टोपणनावाने पाठविणारे जयंत नारळीकर आपल्या कथांत काळ, अवकाश आणि परग्रहवासी यांविषयी निःसंकोच कल्पना करीत राहिले. त्याच नारळीकरांनी पुढे २००८ साली सहकाऱ्यांसह महाराष्ट्रातील ज्योतिषांच्या दाव्याची संख्याशास्त्रीय चाचणी घेतली. २७ ज्योतिषांना प्रत्येकी ४० पत्रिका देऊन त्या हुशार मुलांच्या की मतिमंद मुलांच्या, हे ओळखण्यास सांगितले; उत्तरे सुमारे ४६ टक्के बरोबर आली, म्हणजे नाणे उडविले असते तर जेवढी यावीत तेवढीच. २०२५ साली नारळीकर निवर्तले. त्यांच्या या दोन कामांत काही लोकांना विसंगती वाटते. वस्तुतः बसूंच्या त्या दोन वह्याच येथे पुन्हा दिसतात. कल्पना आणि तपासणी या दोन्ही गोष्टी मनःपूर्वक करणाऱ्यालाच त्यांची सरमिसळ खपत नाही.

विद्यापीठीय भाषाविभागांनी विज्ञानकथेला अभ्यासक्रमात स्थान देताना तिची केवळ यादी लावून भागणार नाही. एका भाषेतील कल्पित यंत्र दुसऱ्या भाषेत गेले की त्याचे काय होते, हे शिकविले पाहिजे. परिभाषाकोश करणाऱ्यांनी आणि अनुवादकांनी ऊर्जा, शक्ती, कंपन, स्पंद या शब्दांच्या सीमा भाषाभाषांतून एकत्र बसून तपासल्या पाहिजेत. नियतकालिकांच्या संपादकांनी 'वैज्ञानिक' या विशेषणाखाली येणारा मजकूर छापण्यापूर्वी, यातील सामर्थ्य कोठून येते, असा साधा प्रश्न लेखकास विचारला पाहिजे. या कामाला प्रयोगशाळा लागत नाही. शब्द नीट वाचण्याची सवय लागते, आणि ती लावणे हेच भाषाविभागांचे काम आहे.

जास्वंदीच्या फुलाशेजारी ठेवलेला स्फटिक तांबडा दिसतो, हे सांगणाऱ्या तत्त्वज्ञाला फूलही दाखवावे लागत असे. दाबविद्युत् शिकविणाऱ्या शिक्षकाला दाब कोण देतो हे दाखवावे लागते. 'व्रिल'च्या कर्त्यानेही गमावलेले काव्य दाखविले. फूल लपवून नुसता तांबडा रंग दाखविणारा तेवढा या तिघांच्याही पंगतीत बसत नाही, आणि त्याला तेथून उठविण्याचे काम ज्यांच्याकडे शब्दांची राखण आहे त्यांचे आहे.